निरोप समारंभात बोलायचंय? आधी जोक आणि विनोद वेगळे करा

माझं पहिलं सूत्रसंचालन मे महिन्यात होतं. नागपूरच्या सिव्हिल लाइन्समधलं एक कार्यालय, बडे बाबूंचा सेवानिवृत्तीचा कार्यक्रम. बाहेर पारा ४५ च्या वर, आत दोन कूलर घोंघावत होते. आदल्या रात्री मी व्हॉट्सॲपवरून नवरा-बायकोचे अकरा जोक वहीत उतरवून घेतले होते. पहिलाच सुरू केला. शेवटचं वाक्य माझ्या तोंडून निघायच्या आत पहिल्या रांगेतल्या एका आजोबांनी ते खणखणीत आवाजात म्हणून टाकलं. हॉल हसला, पण आजोबांवर खूश होऊन. वर आजोबा म्हणाले, "पुढचा बोल बे, हा झाला."

पुढचा बोलायची हिंमत नव्हती. उघड्या दारातून बाबूजींचं टेबल दिसत होतं. वेळ काढायला म्हणून दिसलं ते बोललो, "बाबूजींच्या टेबलावर पेपरवेट सात आहेत, फाईल एकच." क्षणभर काहीच नाही, आणि मग शिपायापासून साहेबांपर्यंत सगळे खदखदून हसले. त्या टेबलावर बावीस वर्षं कूलरचा झोत येत होता आणि उडालेले कागद पकडण्यात अख्ख्या ऑफिसची जवानी गेली होती, हे मला नंतर कळलं. बाबूजी जागेवरूनच म्हणाले, "अन् थे एक फाईल बी उडालीच होती ना एकदा!"

वहीतले दहा जोक वहीतच राहिले. त्यानंतर लग्नं, गणपतीचे कार्यक्रम, निरोप समारंभ बरेच केले. नव्यानं माईक हातात आलेली पोरं विचारतात, "दादा, चांगले जोक पाठवा ना." त्यांच्यासाठी हे क्रमानं लिहून ठेवतो.

पायरी १ : आधी शब्द वेगळे करा

गडबड आपल्या भाषेतच आहे. "एक विनोद सांग" आणि "त्याला विनोदबुद्धी आहे" या दोन्ही ठिकाणी आपण एकच शब्द वापरतो. पहिल्या वाक्यातला विनोद म्हणजे तयार माल: चुटकुला, जोक. दुसऱ्यातला म्हणजे माणसाची नजर. संस्कृतात हा शब्द वि + नुद् असा, म्हणजे दूर सारणं, घालवणं. कंटाळा घालवणं, वेळ घालवणं. त्यात हशा असायलाच हवा असंही नाही.

कामापुरतं मी असं धरतो. जोक ही वस्तू आहे. तिला सुरुवात असते, वळण असतं, शेवट असतो, आणि ती एका खिशातून दुसऱ्या खिशात जाते. विनोद ही बघण्याची रीत आहे. तो माणसाला, जागेला, प्रसंगाला चिकटलेला असतो. सोलून काढायला गेलात की हातात साल येते.

एकाच विषयावर दोन्ही करून दाखवतो. हा जोक:

डॉक्टर : रोज किती पाणी पिता?
पेशंट : नळ असतो तोवर.

"किती" म्हटल्यावर कान लिटरची वाट बघत होता आणि उत्तर वेळेत आलं. सगळी गंमत त्या शेवटच्या तीन शब्दांत कोंबलेली आहे. डॉक्टर कोण, पेशंट कोण, कशाशी घेणंदेणं नाही.

आता विनोद. आमच्या शेजारच्या काकू मुलीच्या लग्नाचा मुहूर्त काढायला बसल्या, तेव्हा गुरुजींनी पंचांग उघडायच्या आधीच त्यांनी सांगितलं, "महाराज, नळ सात ते आठ येते, थेवढा वेळ सोडून पाहा." यात टाळीचं वाक्य नाही, पण काकू दिसतात. गुंड-घागरी, बादल्या, पहाटेपासून लावलेला ड्रम, सगळं दिसतं. आणि ज्याच्या घरी नळ ठरावीक वेळी येतो तो हसता हसता मान डोलावतो.

यांच्या मधेही काही जाती आहेत. कोटी म्हणजे शब्दाची कसरत, ती अर्धी जोकच्या घरची आणि अर्धी विनोदाच्या. मराठीत विनोदी लेखनाचा पाया घालणारे श्रीपाद कृष्ण कोल्हटकर १८७१ मध्ये आपल्या नागपुरातच जन्मले, आणि त्यांना गुरू मानणारे राम गणेश गडकरी १९१९ मध्ये इथून जवळच्या सावनेरला वारले. दोघंही पक्के कोटीबाज. पण कोल्हटकरांच्या लेखांत सुदामा, बंडूनाना आणि पांडुतात्या ही तीन माणसं सतत समोर असतात, आणि कोटी विसरली तरी ती माणसं आठवतात. टोमणा, टिंगल, खिल्ली यांचं नंतर बघू.

पायरी २ : बसमध्ये बसवून पाहा

वाक्य जोक आहे की विनोद, हे ओळखायची माझी एक घरगुती चाचणी आहे. त्या वाक्याला सीताबर्डीहून बसमध्ये बसवा आणि सांगलीला उतरवा. तिथं ते जसंच्या तसं चाललं तर तो जोक. तिथल्या माणसाला आधी चार गोष्टी समजावून सांगाव्या लागल्या तर तो बहुधा विनोद. डॉक्टरचा नळ सांगलीत चालेल. बाबूजींचे सात पेपरवेट त्या कार्यालयाच्या फाटकाबाहेरसुद्धा चालणार नाहीत.

नवख्यांना यात तोटा दिसतो. "म्हणजे विनोद एकाच जागी वापरता येतो?" हो. म्हणून तर तो त्या माणसांना आपला वाटतो. जोक ऐकताना श्रोता गिऱ्हाईक असतो, विनोद ऐकताना घरातला.

दुसरी चाचणी सोपी आहे. शेवटचं वाक्य झाकून वाचा. जोक असेल तर काहीच उरत नाही. विनोद असेल तर अर्धी गंमत तरी शाबूत राहते. तिसरी म्हणजे परत सांगून पाहा. जोक दुसऱ्यांदा मेलेला असतो (माझा तर पहिल्यांदाच मेला). काकूंच्या मुहूर्ताची गोष्ट मात्र काकूंच्याच घरी दर दिवाळीला कोणीतरी काढतं.

फ्रॉइडला आपण स्वप्नांसाठी ओळखतो, पण त्यानं १९०५ मध्ये जोकवर अख्खं पुस्तक लिहिलं आणि १९२७ मध्ये विनोदावर वेगळा छोटा लेख. त्यातला एक मुद्दा मला फार कामाचा वाटतो. जोकला तीन जण लागतात: सांगणारा, ज्याच्यावर सांगायचा तो, आणि हसणारा. विनोद मात्र एकट्या माणसातसुद्धा पुरा होतो. फ्रॉइडनं दिलेलं उदाहरण म्हणजे सोमवारी फाशी द्यायला नेत असलेला कैदी. तो म्हणतो, चला, आठवड्याची सुरुवात तर बरी झाली.

आपल्याकडे याला फाशीची गरज नाही, नवतपा, म्हणजे मेअखेरचे नऊ कडक उन्हाचे दिवस, पुरतो. रस्त्याचं डांबर चपलेला धरतं, गमछ्यातून फक्त डोळे दिसतात, आणि पानठेल्यावर उभा असलेला माणूस शांतपणे म्हणतो, "आज थोडं गरम वाटून राहिलं, नाही?" कोणी हसत नाही. सगळ्यांना बरं मात्र वाटतं.

पायरी ३ : माल गोळा करा, पण फोनमधून नाही

ही सगळ्यात मोठी पायरी आहे. इथं आळस केलात तर पुढचं काही कामाचं नाही.

ज्या माणसाबद्दल बोलायचंय त्याच्याबद्दल किमान तिघांना भेटा. साहेबांना भेटून फायदा नाही. ते म्हणतील "अतिशय मनमिळाऊ आणि कर्तव्यदक्ष". शिपायाला भेटा. चहावाल्याला भेटा. ज्याचं टेबल वर्षानुवर्षं शेजारी होतं त्याला भेटा. आणि "त्यांची एखादी गंमत सांगा" असं चुकूनही विचारू नका. माणूस लगेच छताकडे बघायला लागतो. प्रश्न वस्तूंचे विचारा. डब्यात काय असायचं? कोणत्या वस्तूला हात लावू द्यायचे नाहीत? चिडले की काय करायचे? उशीर झाला की कोणतं कारण ठरलेलं होतं? एका बाईंबद्दल असंच विचारताना कळलं की त्या स्टेपलर उसना देताना समोरच्याचं पेन गहाण ठेवून घेत. असली एक गोष्ट मिळाली की समजा तुमचं भाषण झालं.

मिळालेली गोष्ट कापून जोक करण्याचा मोह होतो, तो आवरायचा कसा हे एका उदाहरणावरून सांगतो. माझा एक सहकारी पुण्याहून बदलून आला आणि गोकुळपेठेत भाड्यानं राहायला लागला. पहिल्याच रविवारी घरमालकीण काकूंनी बेसन भिजवता भिजवता आवाज दिला, "भाऊ, बाजारात जाऊन राहिले तं दहाचा सांबार घेऊन या." भाऊ गेले, उडप्याच्या हॉटेलात रांगेत उभे राहिले, आणि प्लॅस्टिकच्या पिशवीत गरम सांबार बांधून घेऊन आले. वर "दहाला देत नव्हता, चाळीस लागले" असा हिशेबही दिला. काकूंना हवी होती पुडाच्या वडीसाठी कोथिंबीर. नागपुरात कोथिंबिरीला सांबार म्हणतात, हे त्याला कोणी सांगितलंच नव्हतं.

व्हॉट्सॲपवर टाकायचा असेल तर जोक इथं संपतो. पुणेकर आला, सांबार घेऊन आला, हा हा हा. आणि तो जोक पुणेकर मूर्ख असतात एवढंच सांगून बसतो.

पण मी तिथं होतो. काकूंनी पिशवी वर धरून उजेडात पाहिली. दोन शेंगा तरंगत होत्या. हसल्या नाहीत. म्हणाल्या, "बाप्पा, आता याच्या मागं इडल्या कराव्या लागन," आणि खरंच तांदूळ भिजत घातले. वड्या राहिल्या बाजूला, सांबार फ्रीजमध्ये गेला आणि दुसऱ्या दिवशी अख्ख्या वाड्यानं इडल्या खाल्ल्या. आमचा मित्र आजही, इतक्या वर्षांनी, भाजीवालीसमोर उभा राहिला की म्हणतो, "मावशी, दहाचा सांबार द्या. हिरवा." भाजीवालीला वाटतं, लाल पण असते का काय.

बघा, हशाची जागाच बदलली. चूक पुणेकराची आहे, पण मोठेपणा इडल्यांचा आहे आणि गोडवा त्या "हिरवा"मध्ये. म्हणून गोष्ट मिळाली की विचारायचं: मग पुढं काय झालं? जोक जिथं थांबतो त्याच्या पुढच्या खोलीत बहुतेक वेळा विनोद बसलेला असतो.

पायरी ४ : बडग्या कोणाचा करायचा ते ठरवा

पोळ्याच्या दुसऱ्या दिवशी नागपुरात मारबतीची मिरवणूक निघते. काळी मारबत, पिवळी मारबत, आणि त्यांच्याबरोबर बडगे, सगळे मोठाले पुतळे. बडग्यांच्या गळ्यात पाट्या असतात, त्या वर्षी लोकांना जे छळतं त्यावरच्या: महागाई, भ्रष्टाचार, पुढारी, रस्ते. इतवारी-महालच्या गल्ल्यांमधून "इडा पीडा घेऊन जा गे मारबत" म्हणत लोक नाचतात, पाट्या वाचून हसतात, आणि शेवटी पुतळे जाळून टाकतात. बाहेरच्या माणसाला हा दंगा वाटतो. मला ती उपहासाची शाळा वाटते. कारण बडग्या नेहमी आपल्यापेक्षा मोठ्याचा असतो. गल्लीतल्या लंगड्या माणसाचा बडग्या कोणी करत नाही.

माईकवर हाच नियम लावा. ऑफिसच्या कारभारावर, कधीच न चालणाऱ्या लिफ्टवर, "उद्या या" या वाक्यावर, आणि स्वतःवर खुशाल बडगे काढा. शिपायाच्या इंग्रजीवर, कोणाच्या रंगावर, पोटावर, जातीवर, बायकोवर नाही. टिंगल आणि विनोद यांत मला दिसणारा फरक एवढाच आहे की टिंगलीत ज्याच्यावर बोललं तो सोडून सगळे हसतात. बाबूजी स्वतः फाईल उडाल्याचं सांगतात, तिथं आपण सुखरूप आहोत असं समजायचं. शंका असेल तर आदल्या दिवशी त्या माणसाला बाजूला घेऊन विचारा, "पेपरवेटचं बोललो तर चालेल ना?" चेहरा कसा होतो ते बघा. तोंडानं तर तो होच म्हणणार.

इथं माझी एक जुनी तक्रार. टीव्हीवरच्या प्रहसनात वऱ्हाडी बोलणारं पात्र आलं की लोक त्यानं काही बोलायच्या आधीच हसतात. "काऊन बे" हाच जोक. आपण नागपूरकरही मग माईकवर उगाच "बे" पेरायला लागतो. बोलीवर हसवणं सोपं आहे. बोलीतून हसवायला काहीतरी म्हणायचं असावं लागतं. गाडगेबाबा कीर्तनात लोकांना वऱ्हाडीत साधे प्रश्न विचारायचे, लोक उत्तरं द्यायचे, आणि आपल्याच उत्तरात आपण सापडलो हे कळून हसायचे. हसं बोलीचं होत नव्हतं, ऐकणाऱ्याच्या अंधश्रद्धेचं होत होतं.

पायरी ५ : हसू मोजायला शिका

भरताच्या नाट्यशास्त्रात हसण्याचे सहा प्रकार दिले आहेत: स्मित, हसित, विहसित, उपहसित, अपहसित, अतिहसित. स्मितात दात दिसत नाहीत, गाल जरा फुलतात. हसितात दात थोडे दिसतात. पुढं आवाज येतो, नाक फुलतं, खांदे हलतात, डोळ्यांत पाणी येतं, आणि अतिहसितात माणूस कुशी दाबून धरतो. पहिले दोन उत्तम माणसांचे आणि शेवटचे दोन अधमांचे अशी त्यांची वाटणीही केली आहे, ती मला मंजूर नाही. कुशी धरून हसणारी फार चांगली माणसं मी पाहिली आहेत.

पण यादी माईकवर उपयोगी पडते. नवखा वक्ता फक्त शेवटचे दोन प्रकार मोजतो. हॉल गडगडला नाही की त्याला घाम फुटतो, आणि तो घाईनं खिशातला जोक काढतो. तिथंच घसरतो. विनोदाचं भाषण बराच वेळ स्मितावरच चालतं. लोक किंचित पुढं झुकून बसलेत, शेजाऱ्याच्या मांडीवर चापट मारताहेत, "हाव ना, असंच होतं" असं कुजबुजताहेत. तुमचं चांगलं चाललंय, बोलत राहा. जोकनंतर मात्र हॉल गडगडतो आणि लगेच रिकामा होतो. परत भरायला दुसरा जोक लागतो, तोही पहिल्यापेक्षा मोठा.

पायरी ६ : मांडणी

पाच मिनिटं पुष्कळ झाली. तीन बारकावे घ्या, चौथा घरी ठेवा. सगळ्यात छोटा आधी, सगळ्यांना माहीत असलेला शेवटी. "आता एक गंमत सांगतो" असं म्हणू नका. एवढं म्हटलं की लोक हाताची घडी घालून परीक्षा घ्यायला बसतात. आकडे नेमके सांगा. "खूप पेपरवेट"वर कोणी हसत नाही, "सात"वर हसतं. लोक हसत असताना बोलू नका आणि हसले नाहीत तर समजावून सांगू नका.

जोक अजिबात वापरू नयेत असं मी म्हणत नाही. अनोळखी लोक असतील, वीज गेली असेल, प्रमुख पाहुणे अजून विमानतळावरच असतील, तर जोकसारखा गडी नाही. तो ओळखीशिवाय काम करतो. मी अजूनही दोन बाळगतो. नवरा-बायकोचे नाहीत. एक डॉक्टरचा, तो वर सांगून बसलो, म्हणजे आता एकच उरला.

सरावासाठी पंधरा दिवस एक छोटी वही खिशात ठेवा. रोज एकच नोंद, दोन ओळींची: कोण, कुठं, नेमकं काय म्हणाला. स्वतःचं मत लिहायचं नाही. तर्री पोह्यांच्या ठेल्यावर एक माणूस "डॉक्टरनं तिखट बंद केलं" असं सांगून वर "म्हणून तर्री बाजूला द्या" म्हणाला, ही माझ्या वहीतली एक नोंद. ती अजून कुठं वापरलेली नाही. तो माणूस निवृत्त व्हायची मी वाट बघतोय.

शेवटची गोष्ट तांत्रिक आहे. कार्यक्रम उन्हाळ्यात असेल तर हॉलवर अर्धा तास आधी जा आणि कूलर चालू करून माईकवर बोलून पाहा. कूलरच्या आवाजात वाक्याची शेपटी हमखास जाते. जोकचा जीव त्या शेपटीतच असतो, त्यामुळे तो गेलाच. विनोदाचं एखादं वाक्य गेलं तरी माणूस पुढच्या वाक्यात सापडतो. महत्त्वाचा शब्द वाक्याच्या मध्ये आणा, सावकाश बोला, माईक तोंडापासून चार बोटांवर धरा. कूलर बंद करायला मात्र सांगू नका. मे महिन्यात नागपुरात लोक तुम्हालाच बंद करतील.